कावसजीचें नाक

टिपूशीं झालेल्या १७९२ च्या युद्धांत इंग्रज फौजेंतील कावसजी नांवाचा बैलवाला कैद झाला; त्याचें नाक व एक हात कापण्यांत आला. सुमारें वर्षभर तो तसाच राहिला. मग पुण्याजवळील विटा पाडणाऱ्या एका कारागिरानें त्याला नवें नाक बसविलें. विद्यार्थीमित्रहो, तें कसें? मेणाच्या पातळ पत्र्यानें नाकाचें माप घेऊन तें कपाळावर सपाट आंखलें. तेवढें कातडें सोडविलें. दोन डोळ्यांमधली चिंचोळी पट्टी मात्र राखली, कारण तिच्यावाटेंच त्याला रक्त मिळणार! तें खालीं वळवून खांचेंत बसविलें, कात लाविला. सुमारें २५ व्या दिवशीं पट्टी कापली. १७९४ सालीं लंडनच्या एका मासिकांत ही हकीकत छापली गेली; तेथील कार्प्यू या शस्त्रवैद्यानें १८१४ सालीं हीच क्रिया केली. हकीकतींत कारागिराची जात आहे, नांव नाहीं.