शोकांतिकेचे स्किट करताना

प्रश्न : कॉलेजच्या स्नेहसंमेलनासाठी आम्ही ‘हॅम्लेट’चे दहा मिनिटांचे विनोदी स्किट बसवतोय. मूळ नाटकाचा अपमान तर होणार नाही ना?

उत्तर : मूळ संहिता मनापासून वाचली असेल, तर मुळीच नाही. शेक्सपिअरची सगळी नाटके तीन नटांत उरकणारे ‘द कम्प्लीट वर्क्स ऑफ विल्यम शेक्सपिअर (अब्रिज्ड)’ १९८७ मध्ये रंगमंचावर आले. त्यात ‘टायटस अँड्रॉनिकस’चा टीव्हीवरचा पाककृतींचा कार्यक्रम होतो आणि ‘हॅम्लेट’ शेवटी चक्क उलट्या क्रमाने घडते. लोकांनी ते डोक्यावर घेतले, कारण करणाऱ्यांना मूळ नाटके पक्की ठाऊक होती.

तुम्ही सगळी कथा कोंबू नका. एकच प्रसंग धरा. क्लॉडियस प्रार्थनेला बसलाय, हॅम्लेट तलवार उपसतो आणि थांबतो. हे थांबणे तीनदा दाखवा. दर वेळी कारण आधीपेक्षा क्षुल्लक, पण हॅम्लेटला ते शंभर टक्के पटलेले. नटाने हसवायला जाऊ नये. तो जितका गंभीर, तितका हशा मोठा.

ऑफिलियाच्या वेडाला मात्र हात लावू नका. गडकऱ्यांनी ‘एकच प्याला’त तळीरामाच्या आर्यमदिरा मंडळावर हसवले, सिंधूच्या हालांवर नाही. हसू माणसाच्या हट्टावर यावे, दुःखावर नव्हे.

आणि पुढे कधी ‘नटसम्राट’ घ्यावेसे वाटले, तर आधी हक्कधारकांची परवानगी घ्या. शेक्सपिअर आणि गडकऱ्यांच्या मूळ नाटकांना ती लागत नाही.