तोतरे बोलणारे मूल आणि वर्गातील ताण

प्राथमिक वर्गात सर्वांत अवघड प्रश्न कोणता, असे विचारले तर बहुतेक शिक्षक गणिताकडे बोट दाखवतील. तोतरे बोलणाऱ्या मुलाच्या लेखी मात्र तो प्रश्न ‘तुझे नाव काय?’ हा असतो. इतर शब्द अडला तर त्याला वळसा घालता येतो; ‘भाकरी’ अडली तर ‘जेवण’ म्हणता येते, नाहीच जमले तर ‘येत नाही’ असे सांगून खाली बसता येते. स्वतःच्या नावाला पर्याय नसतो. त्यामुळे तपासणीस आलेल्या साहेबांनी नाव विचारताच असे मूल ओठ घट्ट मिटून उभे राहते आणि शेजारचा सोबती त्याच्या वतीने उत्तर देतो. पाहणाऱ्यास ते मंद वाटते, कोणास उद्धटही वाटते. वस्तुतः त्याला उत्तर ठाऊक असते आणि ते देण्याची इच्छाही असते.

बोबडेपणा आणि तोतरेपणा यांत आपण पुष्कळदा गल्लत करतो. बोबड्या मुलाला एखादा वर्ण साधत नाही. ते ‘काका’ ऐवजी ‘ताता’ आणि ‘राम’ ऐवजी ‘लाम’ म्हणते, व बहुधा प्रत्येक वेळी तसेच म्हणते. ‘र’ हा वर्ण पुष्कळ मुलांना उशिरा साधतो, म्हणून पहिलीच्या आरंभी त्याची फार चिंता करू नये. मात्र अनेक वर्ण अस्पष्ट असतील, तर प्रथम कानाचा विचार करावा. कान वाहतो काय, मागून हलक्या आवाजात हाक मारली तर मूल वळते काय, हे पाहावे. संशय आल्यास डॉक्टरांकडून श्रवणाची तपासणी करवून घ्यावी. तोतऱ्या मुलाची गोष्ट निराळी आहे. त्याला सर्व वर्ण येतात, पण बोलण्याचा ओघ तुटतो. कधी पहिले अक्षर पुनःपुन्हा येते, ‘क-क-कमळ’. कधी एखादा ध्वनी लांबतो, ‘स्स्साखर’. आणि कधी तोंड उघडूनही काही क्षण आवाजच फुटत नाही. हा तिसरा प्रकार शिक्षकांच्या ध्यानातून सर्वाधिक निसटतो, कारण तो ऐकू येत नाही.

येथे एक इशारा देणे अवश्य आहे. ज्या मुलांच्या घरी भिली, पावरी, कोरकू, गोंडी किंवा गोरमाटी बोलली जाते, ती शाळेत आल्यावर काही काळ मुकाट बसतात. तो वाग्दोष नव्हे. ती नवी भाषा कानांत साठवीत असतात. त्यांच्या घरच्या भाषेतले चार शब्द गुरुजींनी शिकून घेतले, तर त्यांचे तोंड लवकर उघडते.

तोतरेपणाचे खापर बिचाऱ्या जिभेवर फार पूर्वीपासून फुटत आले आहे. ‘गुरुजी, याची जीभ जड आहे, वेखंड उगाळून चाटवले, पण गुण नाही,’ असे आई सांगते. तिला हसू नये. १८४१ साली बर्लिनच्या डीफेनबाख या नामांकित शस्त्रवैद्याने तोतरेपणा घालविण्यासाठी रोग्यांच्या जिभेवर शस्त्रक्रिया केल्या होत्या, आणि त्याही व्यर्थ ठरल्या. आजचे ज्ञान असे सांगते, की बोलण्याच्या अतिसूक्ष्म हालचालींची वेळ मेंदूत जुळवली जाते, तेथेच हा फरक असतो आणि त्यात आनुवंशिकतेचा वाटा मोठा आहे. दुसऱ्याची नक्कल केल्याने तो जडत नाही. बुद्धीशी त्याचा संबंध नाही. बहुधा दुसऱ्या ते पाचव्या वर्षांच्या दरम्यान तो दिसू लागतो. शंभरांपैकी सुमारे पाच मुलांत तो केव्हा ना केव्हा आढळतो आणि बहुतेकांत आपोआप नाहीसा होतो. प्रौढांत शंभरी एकाच्या आसपास उरतो. शाळेच्या वयात मुलींपेक्षा मुलांत तो कितीतरी अधिक दिसतो. शंभराच्या पटावर असे एखादे मूल असणे हे नवल नव्हे.

मग भीतीचा काय संबंध? भीतीने तोतरेपणा उत्पन्न होत नाही, पण असलेला वाढतो. आणि त्याहून वाईट म्हणजे मूल बोलणेच सोडते. अमेरिकेतील आयोवा राज्यात १९३९ साली एका अनाथाश्रमातील मुलांवर एक प्रयोग झाला. त्यांपैकी काही मुले चांगली बोलणारी होती. त्यांना ‘तुम्ही तोतरे बोलता, जपून बोला, चूक होणार असेल तर बोलूच नका’ असे वारंवार सांगण्यात आले. पुढे अभ्यासकांनी त्या नोंदी पुन्हा तपासल्या, तेव्हा या मुलांत खरा तोतरेपणा निर्माण झाल्याचे त्यांना आढळले नाही. परंतु ती मुले बोलण्यास कचरू लागली होती. त्या विद्यापीठाने २००१ साली या प्रयोगाबद्दल जाहीर माफी मागितली. आपल्या वर्गात कोणी प्रयोग करीत नाही हे खरे. तथापि ‘नीट बोल’, ‘सावकाश सांग’, ‘आधी श्वास घे, मग बोल’ ही वाक्ये आपण दिवसातून किती वेळा उच्चारतो, ते मोजून पाहण्यासारखे आहे. ती सद्हेतूनेच बोलली जातात. मुलाला त्यांतून एवढेच कळते, की गुरुजींचे लक्ष माझ्या सांगण्याकडे नसून माझ्या तोंडाकडे आहे.

म्हणून पहिला उपाय शिक्षकाच्या स्वतःच्या बोलण्यात आहे. मुलाला सावकाश बोलण्यास सांगण्याऐवजी आपणच सावकाश बोलावे. त्याचे वाक्य संपल्यावर एक-दोन क्षण थांबून मग उत्तर द्यावे. शब्द अडला असता तो आपण पुरवू नये, नजर फिरवू नये, घड्याळाकडे पाहू नये. हे वाचण्यास सोपे आहे. चार इयत्ता एकाच खोलीत सांभाळणाऱ्या शिक्षकास मात्र ते क्षण फार लांब वाटतात. सगळ्या दिवसभर ते साधणार नाही. रोज पाच मिनिटे जरी त्या मुलाशी अशा रीतीने गोष्टी केल्या, त्याच्या शेळीविषयी, विहिरीविषयी, भावंडांविषयी, तरी चालेल.

दुसरा उपाय आपल्या शाळांत पूर्वापार चालत आला आहे, आपण त्याचा या दृष्टीने विचार केलेला नाही एवढेच. इतरांच्या सुरात सूर मिसळून बोलताना किंवा गाताना तोतरेपणा बहुतेक वेळा जवळजवळ नाहीसा होतो. प्रार्थना, पाढे, कवितांचे सामुदायिक म्हणणे यांत हे मूल इतरांइतकेच मोकळे असते. पाठांतराच्या या जुन्या पद्धतीस अलीकडे नावे ठेवली जातात. या मुलापुरते तरी तिचे उपकार मानले पाहिजेत. प्रकट वाचनाची पाळी येईल तेव्हा दोघादोघांनी मिळून वाचावे, असा नियम सर्व वर्गालाच लावावा. एकट्या त्या मुलासाठी सवलत ठेवली, की ती सवलतच बोट दाखवू लागते.

रांगेने प्रश्न विचारण्याची पद्धत या मुलास विशेष जाचक होते. आपली पाळी चार मुलांवर आली, तीनवर आली, असे मोजीत ते बसते आणि दरम्यानचे सर्व शिकवणे वाया जाते. त्याला प्रश्न आरंभीच विचारावा, किंवा आदल्या दिवशी एकांतात ‘उद्या हा उतारा तुझ्याकडे देऊ का?’ असे विचारून ठरवावे. हजेरीच्या वेळी ‘हजर’ म्हणणे अवघड जात असेल, तर काही दिवस सर्वांनीच हात वर करावा. तोंडी परीक्षेत वेळ मोजू नये. मात्र त्याला बोलण्यातून कायमचे वगळूही नये. वगळलेले मूल आपण बोलण्यास नालायक आहोत असे समजते.

अंगातील ताण सैल करण्याचा एक साधा व्यायाम अमेरिकन वैद्य एडमंड जेकबसन याने १९२९ साली ग्रंथरूपाने मांडलेल्या पद्धतीवर आधारलेला आहे. दुपारच्या सुट्टीनंतर सर्व वर्गाने मुठी घट्ट आवळाव्यात, पाच अंक मोजावेत आणि सोडून द्याव्यात. तसेच खांदे कानांपर्यंत उचलून खाली सोडावेत, डोळे घट्ट मिटून उघडावेत. शेवटी पाच-सहा वेळा श्वास संथपणे बाहेर सोडावा. सारे मिळून तीन मिनिटे लागतात. याने तोतरेपणा बरा होत नाही, आणि तसे पालकांस सांगूही नये; पण भ्यालेले, दमलेले किंवा घरच्या भांडणाने अस्वस्थ झालेले प्रत्येक मूल थोडे सैलावते. शिक्षकाने स्वतः केला तरी हरकत नाही.

चिडवण्याचा बंदोबस्त मात्र कसून करावा. मूल नसताना वर्गात त्याच्याविषयी भाषण देऊ नये. नकला करणाऱ्या दोघा-तिघांना बाजूस घेऊन स्पष्ट समज द्यावी. बालकांच्या शिक्षण हक्काच्या २००९ सालच्या कायद्याने शारीरिक शिक्षेप्रमाणे मानसिक छळासही मनाई केली आहे, हे आपणही स्मरणात ठेवावे.

कोणत्या मुलास तज्ज्ञाकडे पाठवावे? अडखळणे सहा महिन्यांहून अधिक काळ टिकले असेल, घराण्यात कोणी तोतरे असेल, बोलताना चेहरा वाकडा होत असेल वा मान झटकली जात असेल, किंवा मूल बोलणे टाळू लागले असेल, तर वाट पाहू नये. डोक्यास मार लागल्यानंतर किंवा झटके आल्यानंतर बोलणे एकाएकी अडखळू लागले, तर त्याच दिवशी दवाखाना गाठावा. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे पथक शाळेत तपासणीस येते, तेव्हा या मुलांची नावे आधीच लिहून ठेवावीत. नाहीतर गर्दीत गप्प मूल कोणाच्याच दृष्टीस पडत नाही. गटसाधन केंद्रातील विशेष शिक्षकांकडून जिल्हा रुग्णालयाची वाट कळते. मुंबईत वांद्रे येथे अली यावर जंग यांच्या नावाची राष्ट्रीय संस्था १९८३ पासून, तर म्हैसूर येथे अखिल भारतीय वाक् श्रवण संस्था १९६५ पासून या क्षेत्रात कार्य करीत आहे.

मूल वरच्या वर्गात किंवा दुसऱ्या गावच्या शाळेत जाईल, तेव्हा पुढील शिक्षकांस चार ओळी लिहून द्याव्यात. कोणते प्रसंग त्याला जड जातात, कोणत्या व्यवस्थेने ते मोकळे बोलते, आणि कोणत्या विषयावर ते आपण होऊन बोलू लागते, एवढे त्यात असावे. चिठ्ठी मुलालाही वाचून दाखवावी, आणि त्यात काही बदल हवा काय, ते त्याच्याच तोंडून ऐकून घ्यावे.