द्रोह कोणाचा? लाल किल्ल्यातील दोन खटले

'बिट्रेयल' या इंग्रजी शब्दाला मराठीत एकच प्रतिशब्द देणे कठीण आहे. मित्राने मित्राला फसविले तर तो विश्वासघात. किल्लेदाराने शत्रूला दरवाजा उघडून दिला तर ती फितुरी. चाकराने धन्यावर हत्यार उचलले तर ती निमकहरामी. या सर्व कृत्यांना इंग्रजीत हा एक शब्द चालतो. इतकेच नव्हे, तर आवाजातील कंपाने मनातील भीती उघड केली, तरी तेथेही 'बिट्रे' हेच क्रियापद योजले जाते.

या अर्थांच्या मुळाशी लॅटिन भाषेतील एक साधी क्रिया आहे. 'ट्रादेरे' म्हणजे हाती देणे, स्वाधीन करणे. त्यापासून फ्रेंचच्या द्वारे इंग्रजीत 'बिट्रे', 'ट्रेटर' आणि 'ट्रीझन' हे शब्द आले. परंपरा या अर्थाचा 'ट्रॅडिशन' हा शब्दही त्याच कुळातील आहे. एका पिढीने दुसरीच्या हाती दिलेली ठेव, असा त्याचा अर्थ. देण्याची क्रिया एकच. परंतु कोणी, कोणाला आणि कोणाच्या हाती दिले, यावर ती परंपरा ठरते किंवा द्रोह.

इंग्लंडमध्ये १३५१ च्या कायद्याने 'ट्रीझन'ची व्याख्या केली. राजाविरुद्ध युद्ध पुकारणे हा त्यातील एक मोठा अपराध होता. चाकराने धन्याचा किंवा पत्नीने पतीचा वध केल्यास तोही धाकटा राजद्रोहच मानला जाई; हा वेगळा प्रकार १८२८ मध्ये रद्द झाला. निष्ठा खालून वर वाहते, ही कल्पना या कायद्यात गृहीत होती. वरच्याने खालच्याचा द्रोह केला तर काय, याचे उत्तर त्यात नव्हते. दिल्लीच्या लाल किल्ल्यात हा प्रश्न दोनदा उभा राहिला.

पहिला खटला बहादूरशहा जफर यांचा. २७ जानेवारी १८५८ रोजी तो दिवाण-इ-खासमध्ये सुरू झाला. बादशहा हे ब्रिटिश सरकारचे निवृत्तिवेतन घेणारे प्रजाजन असून त्यांनी निष्ठेचे कर्तव्य झुगारले आणि द्रोह करून स्वतःला हिंदुस्थानचे राजे घोषित केले, असा एक आरोप होता. किल्ल्यातील युरोपीय कैद्यांच्या हत्येचा आरोप त्याहून वेगळा होता. ९ मार्च रोजी बादशहा दोषी ठरले. त्यांना रंगूनला पाठविण्यात आले व तेथेच ७ नोव्हेंबर १८६२ रोजी त्यांचा अंत झाला.

परंतु बादशहा कंपनीचे प्रजाजन केव्हा झाले? १७६५ मध्ये बंगालची दिवाणी कंपनीला मिळाली, ती त्यांचे आजोबा दुसरे शाहआलम यांच्या फर्मानाने. पुढे शाहआलम महादजी शिंदे यांच्या संरक्षणाखाली होते. १८०३ मध्ये दिल्लीजवळ शिंद्यांच्या फौजेचा पराभव करून इंग्रजांनी ते संरक्षण आपल्याकडे घेतले. तरीही शाहआलम यांच्या नावाचे रुपये कंपनी १८३५ पर्यंत पाडीत होती. म्हणून एफ. डब्ल्यू. बकलर या इंग्रज इतिहासकाराने १९२२ मध्ये असे प्रतिपादन केले की, १८५७ मध्ये खरी बंडखोर ठरते ती कंपनीच. कारण कायद्याच्या दृष्टीने चाकर ती होती आणि धनी बादशहा होते. सर्व इतिहासकारांना हे मत मान्य नाही. मात्र खाल्ल्या मिठाला कोण जागले नाही, हा प्रश्न दोन्ही बाजूंनी विचारता येतो, हे त्यामुळे स्पष्ट झाले.

दुसरा खटला ५ नोव्हेंबर १९४५ रोजी त्याच किल्ल्यात सुरू झाला. शाहनवाझ खान, प्रेमकुमार सहगल आणि गुरुबक्षसिंग धिल्लन हे आझाद हिंद फौजेचे तीन अधिकारी आरोपी होते. त्यांच्यावरील मुख्य आरोप भारतीय दंडसंहितेच्या १२१ व्या कलमाखाली, म्हणजे सम्राटाविरुद्ध युद्ध पुकारल्याचा होता. खुनाचे व खुनास साहाय्य केल्याचेही आरोप होते. तिघांनीही सैनिक म्हणून सम्राटाशी निष्ठेची शपथ घेतली होती.

बचावाचे प्रमुख वकील भुलाभाई देसाई यांनी शपथ नाकारली नाही. राजा आणि देश एकच असतील तेथे निष्ठेचा प्रश्न सोपा असतो. परक्या राजाच्या सत्तेखालील माणसाला मात्र दोहोंपैकी एकाची निवड करावी लागते, आणि पारतंत्र्यातील लोकांना मुक्तीसाठी युद्ध करण्याचा अधिकार आहे, असा त्यांचा युक्तिवाद होता. सहगल यांनी आपल्या निवेदनात १७ फेब्रुवारी १९४२ ची घटना सांगितली. सिंगापूर पडल्यावर फॅरर पार्कच्या मैदानावर लेफ्टनंट कर्नल हंट या ब्रिटिश अधिकाऱ्याने हजारो भारतीय सैनिकांना जपान्यांच्या स्वाधीन केले होते. 'ट्रादेरे'चा मूळ अर्थ येथे शब्दशः घडला होता. ज्यांना हाती देण्यात आले, तेच पुढे द्रोहाच्या आरोपाखाली उभे होते.

३१ डिसेंबर १९४५ रोजी खटल्याचे कामकाज संपले. तिघेही युद्ध पुकारल्याबद्दल दोषी ठरून त्यांना जन्मठेपेची काळ्या पाण्याची शिक्षा झाली. देशभर उसळलेल्या क्षोभामुळे सरसेनापती ऑकिन्लेक यांनी काही दिवसांतच ती माफ केली. सैन्यातून बडतर्फी मात्र कायम राहिली.

स्वातंत्र्यानंतरही हा प्रश्न पूर्णपणे सुटला नाही. भारत सरकारने आझाद हिंद फौजेच्या सैनिकांना पुन्हा सैन्यात घेतले नाही. मोडलेल्या शपथेचा प्रश्न स्वतंत्र देशाच्या सैन्यालाही अडचणीचा होता. दुसरीकडे, १९५२ मध्ये मेरठच्या मतदारांनी शाहनवाझ खान यांना लोकसभेवर निवडून दिले आणि पुढे ते केंद्रात उपमंत्री झाले. एकाच देशाने एकाच कृत्याकडे शपथेच्या बाजूने आणि देशाच्या बाजूने, अशा दोन्ही दृष्टींनी पाहिले. मराठीत राजद्रोह आणि देशद्रोह हे दोन शब्द वेगळे आहेत. त्यांतील अंतर किती मोठे असू शकते, हे या खटल्यांनी दाखविले. म्हणून कोणाला द्रोही म्हणण्यापूर्वी तो द्रोह कोणाचा, आणि त्याला आधी कोणी कोणाच्या हाती दिले होते, हे विचारणे आवश्यक ठरते.