अपील केलं, मग वसुली थांबेल?

प्रश्न : भिलाईत आमचं छोटं फॅब्रिकेशन वर्कशॉप आहे. जीएसटीच्या आदेशाविरुद्ध अपील करतोय. तोवर बँक खातं गोठवतील का?

उत्तर : नुसतं अपील टाकून वसुली थांबत नाही, पैसे भरल्यावर थांबते. मान्य असलेली रक्कम पूर्ण आणि वादातल्या कराचे 10 टक्के भरा. कलम 107 नुसार उरलेल्या वसुलीला आपोआप स्थगिती मिळते, वेगळा अर्ज लागत नाही. तरीही पोचपावती वसुली अधिकाऱ्याच्या हाती द्याच. मुदत आदेश मिळाल्यापासून 3 महिने. सबळ कारणासाठी आणखी 1 महिना मिळू शकतो, पण त्यावर विसंबू नका. 3 महिने उलटताच वसुली सुरू होऊ शकते. आयकरात मात्र स्थगिती मागावी लागते आणि साधारणपणे 20 टक्के भरायला सांगतात.