रिंकू राजगुरू : आपल्या बोलीतली नायिका
(द्वितीय वर्ष, कला)

मराठी पडद्याला ग्रामीण बोली नवीन नाही. तमाशापटांनी ती गावोगाव गाजविली. तथापि पुष्कळदा ती हशा पिकविण्याच्याच कामी आली आणि तरुण नायिकेच्या तोंडी प्रमाण भाषाच शोभते, असा समज रूढ झाला. आपल्या जिल्ह्यातील एका शाळकरी मुलीने या समजाला धक्का दिला. त्या दृष्टीने रिंकू राजगुरू हिच्या वाटचालीचा विचार करणे, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

रिंकूचा जन्म ३ जून २००१ चा. गाव माळशिरस तालुक्यातील अकलूज. करमाळा तालुक्यातील जेऊरचे नागराज मंजुळे यांनी ‘फँड्री’नंतर ‘सैराट’ हाती घेतला, तेव्हा अर्ची पाटीलच्या भूमिकेसाठी तिची निवड केली. फेब्रुवारी २०१६ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात, चौदा वर्षांपुढील तरुण प्रेक्षकांच्या विभागात हा चित्रपट दाखविला गेला. नायिका स्वतः तेव्हा चौदाच वर्षांची होती! ६३ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तिचा विशेष उल्लेख झाला. २९ एप्रिल २०१६ रोजी चित्रपट महाराष्ट्रात प्रदर्शित झाला आणि आपल्याकडची बोली पुण्या-मुंबईची मुलेही हौसेने बोलू लागली.

ट्रॅक्टर आणि बुलेट चालविणारी अर्ची सर्वांच्या लक्षात आहे. परंतु अभिनयाची खरी कसोटी उत्तरार्धात लागते. घरी हुकूम सोडणारी पाटलांची लेक हैदराबादच्या झोपडपट्टीत येते. तेथील भाषा तिला कळत नाही. पोटासाठी कारखान्यात जावे लागते. जिचे तोंड कधी मिटत नव्हते ती गप्प होते. जातीबाहेर प्रेम करण्याची किंमत काय, हे त्या गप्प चेहऱ्यावरून प्रेक्षकाला समजते.

यशाची किंमत रिंकूलाही मोजावी लागली. लोकांच्या गर्दीमुळे नियमित शाळा अवघड झाली. दहावीची परीक्षा तिने २०१७ साली बाहेरून दिली. ‘मनसु मल्लिगे’ (२०१७) या कन्नड आवृत्तीत तिने तीच भूमिका पुन्हा केली. पुढे ‘कागर’मध्ये (२०१९) राजकारणाच्या कचाट्यात सापडलेली तरुणी, ‘२०० हल्ला हो’ (२०२१) या हिंदी चित्रपटात अत्याचाराविरुद्ध उभी राहणारी दलित तरुणी, तर ‘झुंड’मध्ये (२०२२) पासपोर्टच्या कागदपत्रांसाठी वडिलांबरोबर वणवण करणारी खेळाडू तिने उभी केली. ‘सैराट’एवढी लोकप्रियता यांपैकी कशालाच लाभली नाही, म्हणून ती अर्चीतच अडकली असे काहीजण म्हणतात. मला हे पटत नाही. या तरुणींची दुःखे वेगळी आहेत. साम्य एवढेच की त्या मान खाली घालत नाहीत.

आपल्यापैकी अनेकजण घरातून पहिल्यांदाच कॉलेजात आलेले आहेत. उत्तर येत असूनही तोंडून ‘व्हतं’ निघेल या धास्तीने आपण तासाला गप्प बसतो. प्रमाण भाषा शिकलीच पाहिजे, यात वाद नाही. परंतु त्यासाठी घरची बोली लपविण्याची गरज नाही. स्नेहसंमेलनाच्या नाटकात ही बोली नेहमी गड्याच्याच वाट्याला येते. ती एकदा नायिकेला देऊन पाहावी, अशी माझ्या मित्रमैत्रिणींना आणि प्राध्यापकांना नम्र सूचना आहे.