सुंदर शंख, जीवघेणा दंश

प्रश्न : आम्ही मुलांसह अंदमानला जाणार आहोत. तिथल्या काही शंखांत विषारी गोगलगाय असते, हे खरे का? रुंद बाजूने धरले तर धोका नाही ना?
– एक वाचक, पुणे

उत्तर : खरे आहे. शंकूच्या आकाराचा, नक्षीदार शंख असलेल्या ‘कोन’ गोगलगायी उष्ण समुद्रातील प्रवाळांत राहतात. अंदमान आणि लक्षद्वीपलाही त्या आहेत. माणसासाठी सर्वांत घातक जात ‘कोनस जिओग्राफस’. ती रात्री शिकार करते. पाण्यात इन्शुलिन सोडून माशांची साखर उतरवते, मासे सुस्तावले की तोंड जाळ्यासारखे पसरून त्यांना आत ओढते आणि पोकळ, काटेरी दाताने विष टोचते.

हा दात लांबणाऱ्या सोंडेतून बाहेर येतो आणि सोंड मागेही वळते. त्यामुळे कुठल्याही बाजूने धरणे सुरक्षित नाही. दंश कधी फारसा दुखतही नाही. पुढे बधिरपणा येतो, दिसणे धूसर होते आणि श्वसनाचे स्नायू लुळे पडून मृत्यू ओढवू शकतो. यावर प्रतिविष नाही. दंशाचा हात किंवा पाय क्रेप बँडेजने गुंडाळून स्थिर ठेवा, जखम कापू किंवा चोखू नका. व्हेंटिलेटरची सोय असलेले रुग्णालय ताबडतोब गाठा. श्वासाला वेळेत आधार मिळाला तर रुग्ण वाचू शकतो.

याच कुळातील ‘कोनस मेगस’च्या विषावरून झिकोनोटाइड हे वेदनाशामक तयार झाले, अमेरिकेत त्याला २००४मध्ये मान्यता मिळाली. असा मोलाचा जीव पाण्यातच राहू द्या. मुलांना एकच सांगा : शंख डोळ्यांनी पाहा, हात लावू नका.