सुती वस्त्रांचा परदेशी बाजार आणि आपला पाल्य

अमेरिकेने जकात वाढवली की तिरुपूरच्या तयार कपड्यांच्या कारखान्यांतील यंत्रे थंडावतात, तेव्हा मुलाला किंवा मुलीला या धंद्यात घालावेच कशाला, असे पालक हल्ली विचारू लागले आहेत, आणि त्यांची धास्ती सर्वस्वी अनाठायी आहे असे म्हणवत नाही. परंतु १ जानेवारी २००५ रोजी वस्त्रव्यापारातील कोटापद्धती संपुष्टात आल्यापासून या बाजाराकडे ज्याने लक्ष ठेवले आहे, त्याला एवढे खचित उमगते की गिऱ्हाईक नाहीसे होत नाही, ते दुसऱ्या देशाच्या दाराशी जाते. आणि ते का जाते हे ज्याला वेळीच कळते, त्याची गरज दोन्ही दारांशी असते.

कोटा उठताच चीनने मुसंडी मारली; पुढे सक्तीच्या मजुरीच्या कारणावरून शिंच्यांग प्रांताच्या कापसाचा माल अमेरिकेने जून २०२२ पासून कायद्याने अडवला, तेव्हा खरेदीदारांची नजर व्हिएतनाम, बांगलादेश आणि आपल्याकडे अधिकच वळली. बांगलादेशात कापूस नाममात्रच पिकतो, तरी अल्पविकसित राष्ट्र म्हणून युरोपात त्याला जकात माफ, आणि कापूस पिकवणाऱ्या आपल्याला मात्र ती भरावी लागत आली! याहून विलक्षण म्हणजे, अमेरिकेत सुती टी-शर्टवर मूळ जकात साडेसोळा टक्के व कृत्रिम धाग्याच्या टी-शर्टवर ३२ टक्के असूनही तेथील मागणी कृत्रिम धाग्याकडे झुकत चालली आहे, ही गोष्ट सुतावर भिस्त ठेवणाऱ्या आपल्या निर्यातदारांनी अद्याप पुरती मनावर घेतलेली दिसत नाही.

हे सारे ज्याच्या टेबलावर येऊन पडते, त्यास मर्चंडायझर म्हणतात. गोल कटरने शंभर चौरस सेंटिमीटरची चकती कापून ती तोलावी, १.८ ग्रॅम भरली तर कापड १८० जीएसएमचे, म्हणजे चौरस मीटरला १८० ग्रॅम वजनाचे. नमुना धुऊन किती आटला ते मोजावे, भाव एफओबी, म्हणजे माल जहाजावर चढेपर्यंतचा खर्च धरून सांगावा आणि जहाजाची तारीख चुकू देऊ नये, हा त्याचा नित्यक्रम. माटुंग्याची व्हीजेटीआय किंवा इचलकरंजीची डीकेटीई येथील वस्त्र-अभियांत्रिकी हा त्याकडे नेणारा राजमार्ग; तथापि वाणिज्य शाखेचा पदवीधर आयात-निर्यातीचे दस्तऐवज बिनचूक करू लागला, तर त्यालाही येथे मज्जाव नाही.

आरंभीचे वेतन बेताचे असते, हे लपवण्यात अर्थ नाही. शिवाय न्यूयॉर्कची कचेरी उघडते तेव्हा आपल्याकडे दिवेलागण झालेली असते. म्हणून रात्रीच्या पानावर वेळेवर बसणारे अपत्यच ज्यांना हवे असेल, त्यांनी बँकेच्या परीक्षेचा अर्ज आणावा हे उत्तम.